बाजारातून आणलेली खिलार बैलजोडी गोशाळेत अडकली आहे, ताबा कसा मिळवायचा?

माणदेशी३४

राम राम मंडळी. इथं वकील आणि जनावरांचे डॉक्टर बरेच वाचतात, म्हणून लिहितोय. लांबलंय, पण अर्धवट सांगून उपयोग नाही.

गेल्याच्या गेल्या रविवारी सांगोल्याच्या बाजारात आबांनी आणि मी खिलार जोडी घेतली. १ लाख १८ हजार. दोन्ही सहादाती, एक कोसा रंगाचा, एक पांढराशुभ्र. बाजार समितीची पावती केली. तिच्यावर माझं नाव, विकणाऱ्याचं नाव-गाव, रंग, दात सगळं आहे. ओळखीतल्याची पिकअप ठरवली आणि दुपारी तीनला निघालो. गाव पंचवीसेक किलोमीटर राहिलं असताना दोन मोटारसायकली आडव्या आल्या. पाच-सहा पोरं. "कुठं चाललेत, कापायला?" आबांनी पावती काढून पुढं केली, तर ती हातात न घेता एकानं मोबाईल आबांच्या तोंडासमोर धरून शूटिंग सुरू केलं. थोड्या वेळानं पोलीस आले. त्यांनी ऐकून घेतलं खरं, पण तोवर गर्दी जमली होती. "ठाण्यात चला, तिथं बघू." रात्री अकराला माझ्यावर, आबांवर आणि ड्रायव्हरवर गुन्हा दाखल झाला. प्राण्यांना क्रूरतेने वागवण्यास प्रतिबंध करणाऱ्या कायद्याचं ११(१)(ड), महाराष्ट्र प्राणी संरक्षण कायद्याचं ५अ, ५ब आणि ९, शिवाय मोटार वाहन कायद्याची दोन कलमं. आम्हाला नोटीस देऊन सोडलं. बैल त्याच रात्री चाळीस किलोमीटरवरच्या एका गोशाळेत गेले.

पंचनाम्यात काय लिहिलंय ते बघा: "पांढऱ्या रंगाचे गोवंश जातीचे बैल नग दोन, किंमत अंदाजे ६०,०००." बस्स.

चौथ्या दिवशी बघायला गेलो. लांबून बघू दिलं. कोसा उभा होता, पांढरा बसलेला. त्यांनी मला ओळखायचा प्रश्नच नाही, माझ्या दावणीला ते एक रात्रही राहिलेले नाहीत. पण मला वाईट वाटलं ते वाटलंच.

अडचणी अशा. कोशाच्या कानात पिवळा बिल्ला आहे. पांढऱ्याचा कान फाटलेला, त्याचा बिल्ला कधीतरी निसटलाय. बाजारात आमच्या लक्षात आलं होतं, पण "घरी गेल्यावर मारून घेऊ" म्हणालो. डॉक्टरांचा प्रवासाचा दाखलाही घेतला नव्हता, खोटं कशाला बोलू. गोशाळेचे मॅनेजर म्हणतात, एका जनावराचे दिवसाला २०० रुपये. म्हणजे रोजचे ४००. आज आठ दिवस झाले.

आणि सगळ्यात मोठा पेच. कोर्टाच्या आवारात एकजण भेटला. म्हणाला, "तारखेला उभं राहायचं, गुन्हा कबूल करायचा, ५० रुपये दंड भरायचा आणि बैल घेऊन घरी जायचं. वकिलाला कशाला पैसे घालता?" आबांना ते पटलंय. मृग तोंडावर आलाय, पाऊस पडला की कुळव कुणाकडं मागायचा ही त्यांची काळजी. आमचं रान तुकड्या-तुकड्यानं आहे, ट्रॅक्टरवाला वळत नाही म्हणून येत नाही.

कबूल करावं का? सोमवारी तारीख आहे.

वकीलताई

कबूल करू नका. आबांना हे आजच वाचून दाखवा.

त्या माणसाचे ५० रुपये खरे आहेत, पण फक्त क्रूरता कायद्यापुरते. तो कायदा १९६० चा. पहिल्या गुन्ह्याला दंड १० ते ५० रुपये, साठ-पासष्ट वर्षांत आकडा बदललेला नाही. तुमच्यावर मात्र प्राणी संरक्षण कायद्याची कलमंही आहेत आणि तिथं पाच वर्षांपर्यंत कैद आणि १०,००० पर्यंत दंड आहे. नुसतं ११(१)(ड) कबूल केलंत तरी बैल जाऊ शकतात. त्याच कायद्याचं कलम २९ सांगतं की मालक दोषी ठरला तर न्यायालय जनावर सरकारजमा करू शकतं. त्यासाठी आधीच्या शिक्षेवरून किंवा इतर पुराव्यावरून पुन्हा छळ होण्याची शक्यता दिसावी लागते. पण मुद्देमाल जनावरांसाठी केंद्रानं २०१७ साली जे नियम केले, त्यांत दोषी ठरला किंवा गुन्हा कबूल केला की मालकी गेली, असंच आहे. म्हणजे ५० रुपयांच्या पावतीवर तुम्ही १ लाख १८ हजारांची जोडी सोडून देणार.

आता करायचं काय. मुद्देमाल ताब्यात मिळण्यासाठी अर्ज टाका, भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं कलम ४९७ आणि ५०३. आमच्याकडचे जुने कारकून अजून जुन्या फौजदारी संहितेतली ४५१-४५७ च म्हणतात, गोंधळू नका. अर्जासोबत बाजार पावती, सातबारा, आठ-अ, आणि विकणाऱ्याचं प्रतिज्ञापत्र. ते शेवटचं सगळ्यात महत्त्वाचं, कारण तुमच्या पंचनाम्यावरून तो कुठलाही पांढरा बैल असू शकतो. अर्जावर सरकारी वकिलांचा आणि तपास अधिकाऱ्याचा 'से', म्हणजे लेखी म्हणणं, मागवला जाईल. त्यातच आठवडा जातो, म्हणून सोमवारची वाट न बघता उद्याच टाका.

समोरून काय येईल तेही सांगते. प्राणी संरक्षण कायद्यात २०१५ पासून एक परंतुक, म्हणजे कलमाला जोडलेली अट, आहे: जप्त जनावर खटला संपेपर्यंत जवळच्या गोशाळा, पांजरपोळ वगैरेंकडे द्यावं आणि तिथला खर्च आरोपीनं सोसावा. हा अडथळा खरा आहे. काही न्यायालयं तेवढ्यावर अर्ज फेटाळतात. माझेच दोन फेटाळले गेलेत आणि सत्र न्यायालयात जावं लागलं. त्यावर आपलं म्हणणं असं की मुळात हा कायदा लागतो का? ५अ म्हणजे राज्यातून राज्याबाहेर कत्तलीसाठी वाहतूक. तुम्ही सांगोल्याहून माणला चालला होतात, दोन्ही राज्यातलेच. ५ब म्हणजे कत्तलीसाठी खरेदी-विक्री, तर तुमच्याकडे सातबारा आहे. आणि "कत्तलीसाठी नव्हतं हे आरोपीनं सिद्ध करावं" असं जे ९ब होतं, ते मुंबई उच्च न्यायालयानं मे २०१६ मध्ये रद्द केलंय. सिद्ध करायचं ओझं त्यांच्यावर आहे.

मग राहतो क्रूरता कायदा. तिथं सर्वोच्च न्यायालयाचा १९९८ चा देवदर पांजरपोळाचा निकाल लावा. मालक ताबा मागत असेल तर पांजरपोळाचा हक्क आपोआप वरचढ ठरत नाही. गुन्हा किती गंभीर, पहिलाच आहे का, जप्तीच्या वेळी जनावराची हालत कशी होती, पुन्हा छळ होईल का, हे बघून ठरवायचं. पहिलाच खटला असेल तर मालकाची बाजू वजनदार. जानेवारी २०२१ मध्ये तेव्हाचे सरन्यायाधीश बोबडे यांच्या पीठानंही केंद्राला सुनावलं होतं की जनावर हे माणसाच्या पोटापाण्याचं साधन आहे, दोष सिद्ध व्हायच्या आधी ते काढून घेणारे नियम मूळ कायद्याशी विसंगत आहेत, बदला नाहीतर आम्ही स्थगिती देऊ. त्या २०१७ च्याच नियमांबद्दल.

उंटांचं प्रकरण आठवतंय का कुणाला? २०२२ ची सुरुवात, अमरावती जिल्हा, तळेगाव दशासर. कच्छच्या रबाऱ्यांचे ५८ उंट कत्तलीला चाललेत म्हणून पकडले आणि गोरक्षणात ठेवले. पुढं धामणगावच्या न्यायालयानं ते मालकांना परत दिले. पण तोवर ती माणसं परमुलखात हेलपाटे घालत बसली होती.

आणि तो २०० चा दर मॅनेजरनं ठरवायचा नसतो. क्रूरता कायद्याच्या कलम ३५ प्रमाणे जिल्हा दंडाधिकाऱ्यांनी ठरवलेला दर लागतो, २०१७ च्या नियमांप्रमाणे राज्य प्राणी कल्याण मंडळाचा. बिल कोर्टात मागा, तिथं भांडा. मालक गरीब असेल तर उपचाराचा खर्च माफ करायची मुभाही कलम ३५ मध्ये आहे. चारा-पाण्याचा नाही, फक्त उपचाराचा. पण भरायचंच नाही अशा पवित्र्यात जाऊ नका. त्या नियमांत गाडीमालकही खर्चाला जबाबदार धरलाय, तेव्हा ड्रायव्हरलाही सोबत घ्या.

सडेतोड

पकडले की सगळेच "शेतीसाठी" म्हणतात. दाखला नाही, बिल्ला नाही, आणि वर रडगाणं.

माणदेशी३४

दादा, सहादाती खिलार जोडी १ लाख १८ हजाराला घेऊन कोण कापतं? हिशेब तरी करून बोला. दाखला नव्हता, ते मी स्वतःच लिहिलंय.

ताई, उपकार झाले. आबांना वाचून दाखवलं. "५० रुपयांत जोडी" हे दोनदा वाचायला लावलं त्यांनी, मग काही बोलले नाहीत.

गोठ्यातला

मी एका गोशाळेत सहा वर्षं गोठा बघतो. तुमची नाही, वेगळ्या जिल्ह्यातली. आमची बाजू कुणी लिहीत नाही म्हणून लिहितो.

मागच्या पावसाळ्यात एका रात्री आमच्याकडे ट्रक आला. साध्या मालट्रकात नियमानं सहाच्या वर मोठी जनावरं चालत नाहीत, त्यातून सत्तावीस निघाली. तीन मेलेली. बाकीच्यांच्या वेसणी वरच्या नळीला इतक्या आखडून बांधलेल्या की मान खाली करता येत नव्हती. एका गाईच्या डोळ्यांत मिरची चोळलेली होती, बसू नये म्हणून. तिचा डोळा गेला. त्या ट्रकचा मालक आजतागायत एक रुपया द्यायला आलेला नाही. खटला चालू, जनावरं आमच्याकडे, कडबा आमचा. सरकार देशी गाईला दिवसाचे ५० रुपये अनुदान देतं, तेही ठराविक अटी पुऱ्या करणाऱ्या गोशाळांना. ५० रुपयांत एका गाईची वैरण होते का हे तुम्हीच सांगा.

म्हणून २०० ऐकून लगेच लुटारू म्हणू नका. पण हेही सांगतो, सगळ्या गोशाळा सारख्या नाहीत. काही ठिकाणी चांगली जोडी आली की ती परत जाऊ नये असं वाटणारी माणसं असतात. जनावर बदलल्याचे आरोपही होतात. तुम्ही रोज नाही तर एक दिवसाआड जा. भांडू नका. कोंड्याची एक पिशवी घेऊन जा आणि गोठ्यातल्या माणसाशी बोला, मॅनेजरशी नाही. फोटो काढू देत असतील तर तारखेसह काढा.

एक विचारतो, खरं सांगा. पिकअपमध्ये बैल कसे बांधले होते? खाली काय होतं?

माणदेशी३४

दोघांची तोंडं केबिनकडं, म्होरकीला कासरा, वेसणीला नाही. खाली काही नव्हतं. उघडा पत्रा. वळणावर पांढरा एकदा घसरला आणि गुडघ्यावर आला, तिथं सोललंय. आबा म्हणत होते थांबून मुरूम टाकू. मीच म्हणालो, तासाभराचा तर रस्ता आहे.

वकीलताई

असले कबुलीजबाब जाहीर लिहू नका हो! चालू खटला आहे तुमचा.

गोठ्यातला

ताई, लिहू द्या. खरं बोलणारा माणूस सहा वर्षांत पहिल्यांदा भेटला.

निवृत्त_पशुवैद्य

पशुधन विकास अधिकारी म्हणून तीस वर्षं नोकरी केली. जप्तीच्या जनावरांचे दाखले शेकड्यानं लिहिलेत, तेव्हा दोन शब्द.

१ जून २०२४ पासून राज्यात कानात बिल्ला नसलेल्या जनावराची खरेदी-विक्री आणि वाहतूक बंद आहे. बाजारात पांढऱ्याची पावती झाली कशी हा वेगळा प्रश्न, त्यात आता शिरू नका. कोशाच्या बिल्ल्यावरचा १२ आकडी नंबर लिहून घ्या. भारत पशुधन या सरकारी नोंदणीत तो विकणाऱ्याच्या नावावर निघेल. त्याच मालकाच्या नावावर आधी दुसरा बैल नोंदवलेला असेल आणि आता गोठ्यात नसेल, तर तो तुमचा पांढरा. सरकारी दवाखान्यात ही नोंद बघून मिळते.

ओळख पटवायची तर रंगावर जाऊ नका, खिलारं सगळी पांढरीच. अंगावरचे केसांचे भोवरे बघा. कपाळावर किती, पाठीवर कुठं, वशिंडाच्या पुढं का मागं. आमच्या म्हाताऱ्या शेतकऱ्यांना शुभ-अशुभासाठी भोवरे पाठ असायचे, पण तपासणीच्या कागदावरही तेच कामाला येतात, कारण ते जन्मभर बदलत नाहीत. शिवाय शिंगांचा पीळ, खुरांचा रंग, शेपटीचा गोंडा काळा की मिश्र. न्यायालयाकडून पशुवैद्यकीय तपासणीचा आदेश मागा आणि या सगळ्याची नोंद त्यात येऊ द्या. गुडघ्याची जखमही येईल, येऊ द्या. ती जुनी भरत आलेली आहे की ताजी, एका जागी आहे की अंगभर वळ आहेत, हे डॉक्टर लिहील आणि ते तुमच्याच बाजूचं ठरेल.

वाहतुकीचं म्हणाल तर मोटार वाहन नियमांत गाय-बैल-म्हशीला डोक्यामागं २ चौरस मीटर जागा आणि पक्के कप्पे लागतात. पिकअपचा हौदा साधारण नऊ फूट बाय साडेपाच, म्हणजे साडेचार चौरस मीटरच्या वर. दोन बैलांना जागा पुरते. कप्पे नव्हते आणि जनावरं न्यायचा वेगळा परवाना नव्हता, हा दोष राहतोच. तसा परवाना काढलेली पिकअप आमच्या तालुक्यात मी आजवर पाहिलेली नाही, पण ते न्यायालयात बोलून उपयोग नाही.

माणदेशी३४

बावीस दिवसांनी लिहितोय. वाचणाऱ्यांपैकी कुणावर अशी वेळ आली तर कामाला येईल.

दुसऱ्याच दिवशी अर्ज टाकला. वकील आमच्या तालुक्यातलेच केले, ताईंनी लिहिलेलं सगळं त्यांना छापून दिलं. ते हसले आणि म्हणाले, "माझी अर्धी फी त्यांना द्या." तपास अधिकाऱ्याच्या 'से'ला नऊ दिवस गेले. त्यात "हरकत आहे" एवढंच लिहिलेलं.

विकणारे काका मात्र देवमाणूस निघाले. पासष्टीचे असतील. एसटीनं दोनदा आले, प्रतिज्ञापत्र केलं, प्रवासाचे पैसे घेतले नाहीत. त्यांच्या नातवाच्या मोबाईलमध्ये गेल्या बेंदराचा फोटो सापडला. शिंगं हिंगुळानं रंगवलेली, अंगावर झूल, आणि पांढऱ्याचा उजवा कान फाटलेला स्पष्ट दिसतोय. गोशाळेतल्या तपासणीत डॉक्टरांनी पांढऱ्याच्या वशिंडामागचा भोवरा लिहिला, तोही काकांनी न बघता आधीच प्रतिज्ञापत्रात सांगितलेला. सरकारी वकील त्यावर काही बोलले नाहीत. गुडघ्याबद्दल "एकच वरवरची जखम, भरत आलेली, प्रकृती उत्तम" असं आलं.

सुनावणीत न्यायाधीशबाईंनी आबांना थेट विचारलं, "किती एकर?" आबा म्हणाले, "पाच, पण चार ठिकाणी." त्यांनी ते लिहून घेतलं. गोशाळेच्या वकिलांनी ते परंतुक वाचलं, आमच्यांनी देवदरचा निकाल वाचला. तिसऱ्या दिवशी आदेश झाला: १ लाख २० हजारांचा बाँड, एक जामीनदार, खटला संपेपर्यंत विकायचे नाहीत, दुसऱ्याला द्यायचे नाहीत, बोलावलं की हजर करायचे. गोशाळेनं एकोणीस दिवसांचे ७,६०० मागितले होते. निम्मे, ३,८०० आत्ता कोर्टात भरा, दराचं पुढं बघू, असा आदेश आला. भरले. जामीनदार चुलता.

गोशाळेतून निघताना गोठ्यातल्या माणसाला भेटलो. भाऊ, तुमचं ऐकून दर दोन दिवसांनी जात होतो. तो पांढऱ्याला रोज संध्याकाळी गूळ घालायचा म्हणे, लपवून. मॅनेजरला सांगू नका म्हणाला, म्हणून गोशाळेचं नाव मी कुठंही लिहिलेलं नाही.

आणायला दुसरी पिकअप. दाखला घेतला, पांढऱ्याला नवा बिल्ला मारला, मधे फळ्यांचा कप्पा ठोकला, खाली मुरूम आणि वर उसाचं पाचट. आदेशाची झेरॉक्स समोरच्या काचेला आतून चिकटवली. जिथं अडवलं होतं त्या फाट्यावर आबांनी खिडकीची काच वर केली. कुणी नव्हतं तिथं.

पांढऱ्यानं पहिल्या रात्री वैरणीला तोंड लावलं नाही. सकाळी खाल्ली. परवा वळवाचा शिंतोडा पडला, काल अर्धा दिवस कुळव चालवला. कोसा उजवीकडं ओढतोय, बसेल हळूहळू.

ताई, खटला चालूच आहे. आणि जुनी पिकअप अजून ठाण्याच्या आवारात उभी आहे. ड्रायव्हर रोज फोन करतो. त्याचा अर्ज शुक्रवारी टाकायचाय. आरसी बुक मूळ लागतं का झेरॉक्स चालेल?

वकीलताई

मूळ बरोबर ठेवा, झेरॉक्स फाइलला. विम्याची तारीख बघून घ्या, गाडी जप्तीत असताना विमा संपलेला बऱ्याचदा निघतो. आणि ड्रायव्हरलाच घेऊन जा, गाडी तुमच्या नावावर नाही.